दाब वाढला

आमच्या घरात परराष्ट्र खातं माझ्याकडे होतं. स्वयंपाकघर आईकडे, नळ आणि शेजाऱ्यांशी भांडणं वडिलांकडे, म्हणजे अप्पांकडे, आणि जगात कुठे काय चाललंय ते माझ्याकडे. तंजावूरच्या एका मुलींच्या कॉलेजात मी राज्यशास्त्र शिकवत असे. आईच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता, म्हणून रोज सकाळी तिला पेपर मोठ्यानं वाचून दाखवायचा, प्रत्येक बातमीवर माझं भाष्य जोडायचं आणि ते कुणी नीट ऐकलं नाही तर रुसून बसायचं, हा माझा परिपाठ. अप्पा मला 'परराष्ट्रमंत्री' म्हणत. थट्टा आहे हे कळत असूनही मला ते आवडायचं.

तेव्हा देशात नवी आर्थिक धोरणं येत होती. दुकानांत परदेशी वस्तू दिसू लागल्या होत्या आणि बाजारात जो तो 'मार्केट' हा शब्द तोंडात घोळवत होता. आमचा अभ्यासक्रम मात्र जिथल्या तिथे. त्यात सोविएत संघाचं परराष्ट्र धोरण नावाचा एक अख्खा धडा होता, आणि तो देश तर जगाच्या नकाशावरून नाहीसा झालेला. मुली विचारायच्या, "मॅम, जो देशच नाही त्याचं धोरण पाठ कशाला करायचं?" मी म्हणायची, "परीक्षेत येतं म्हणून." वर्ग हसायचा. मला मात्र हसू यायचं नाही, कारण माझा सख्खा धाकटा भाऊ त्या नसलेल्या देशात शिकत होता.

आम्ही सगळे त्याला तंबी म्हणतो. शिष्यवृत्ती मिळवून तो इंजिनिअरिंग शिकायला गेला तेव्हा सोविएत संघ धडधाकट उभा होता. तिसऱ्या वर्षाला असताना त्याच्या पायाखालचा देश बदलला. वसतिगृह तेच, खोली तीच, खाटसुद्धा तीच, पण तो आता युक्रेन नावाच्या वेगळ्याच देशात राहत होता. आईला हे समजावताना मला घाम फुटला. ती म्हणाली, "पोरगा हलला नाही तर देश कसा गे हलतो?" मी तिला अर्धा तास व्याख्यान दिलं. तिनं ते ऐकून घेतलं आणि विचारलं, "तिकडे थंडी तीच आहे कां?"

आईची सगळी चिंता त्या एका गोष्टीवर येऊन बसलेली असायची, थंडीवर. तंजावूरमध्ये थंडी म्हणजे मार्गळी महिन्यात, डिसेंबर-जानेवारीच्या सुमाराला, पहाटे दारात कोलमची रांगोळी काढताना बोटांना लागतो तो गारवा, तेवढाच. तंबीला लहानपणापासून छातीचा त्रास. ढग आले की त्याचा श्वास घरघरायला लागे आणि आई ओव्याची पुरचुंडी तव्यावर शेकवून त्याच्या बरगड्यांवर धरायची. त्याला बर्फाच्या देशात पाठवायला तिचा पहिल्यापासून विरोध होता. मीच हट्ट धरला. तो देश आपला मित्र आहे, तिथे भिंतीभिंतीतून गरम पाण्याचे नळ फिरवलेले असतात, खोल्या आपल्या घरापेक्षा उबदार असतात, असं मी छातीठोकपणे सांगितलं. ते खरंही होतं, देश मोडेपर्यंत.

इथे आमच्या पत्रांबद्दल सांगायला हवं. आमचं घराणं मराठी राजांबरोबर इथे आलं आणि इथलंच झालं. घरात मराठी बोलतो, पण शाळा तमिळ आणि इंग्रजी. देवनागरी आमच्यातल्या फार थोड्यांना वाचता येते. मलाही तेव्हा येत नव्हती. घरातली पत्रं आम्ही मराठीत लिहायचो, पण तमिळ अक्षरांत. आता ज्यांना तमिळ लिपी माहीत नाही त्यांना त्यातली गंमत कळायची नाही. तमिळमध्ये त, थ, द, ध या चौघांना मिळून एकच अक्षर. प, फ, ब, भ यांनाही एकच. क, ख, ग, घ यांचंही तेच. कुठे काय वाचायचं ते वाचणाऱ्यानं अंदाजानं ठरवायचं. घरातली भाषा असल्यामुळे अंदाज सहसा चुकत नाही, आणि चुकला तर हसायला होतं. पहिल्याच पत्रात तंबीनं लिहिलं होतं की इथे चांगली जाड गादी मिळाली. मी वाचलं, खादी मिळाली. आई हरखून गेली. "अय्यो, तिकडेसुद्धा खादी मिळते कां!" म्हणून तिनं साऱ्या गल्लीला सांगितलं. पुढच्या पत्रात उलगडा झाला तेव्हा आम्ही पोट दुखेपर्यंत हसलो.

देश मोडल्यावरच्या पहिल्या हिवाळ्यात तंबीच्या पत्रांत एक शब्द वारंवार यायला लागला. 'दाब नाही.' 'आज दाब कमी.' 'चार दिवस झाले, दाब आला नाही.' हा आमच्या घरचाच शब्द. अप्पा नगरपालिकेच्या पाणी खात्यातून निवृत्त झालेले. सकाळी नळाला पाणी बारीक आलं की ते अंगणातूनच ओरडत, "दाब नाही आज!" त्यामुळे तंबीला काय म्हणायचंय ते मी लगेच ओळखलं. वसतिगृह गरम ठेवणारी भट्टी गॅसवर चाले, तो गॅस रशियाहून नळातून येई, आणि त्या नळातला दाब उतरला होता. भिंतीतले नळ गार पडले होते. पोरं कोट घालून झोपत होती.

मी पेपरातून धागेदोरे जुळवले आणि घरात भाषण ठोकलं. रशियाकडे गॅस आणि तेल अमाप. बाकीचा कारभार कोसळला तरी जमिनीखालचा साठा कुठे जात नाही. आजूबाजूचे नवे देश त्याच गॅसवर जगतात. आता रशिया म्हणतोय, जुना भाव विसरा. शिवाय काळ्या समुद्रातल्या युद्धनौकांवरून दोघांचं वाजलेलं आहे. सैन्य हलवायचं काही काम नाही, नळ थोडा पिळला की झालं.

अप्पा पेपराच्या घडीनं वारा घेत ऐकत होते. मग म्हणाले, "एवढं इंग्रजी कशाला लागतं त्याला? हे मी तीस वर्षं केलंय."

त्यांनी सांगितलं ते मी पुढे वर्गात कितीदा तरी वापरलं, अर्थात त्यांचं नाव न घेता. गावातल्या वॉर्डांना पाणी सोडायचं तर रस्त्यातल्या खड्ड्यात व्हॉल्व्ह असतो आणि तो फिरवायला पुरुषभर उंचीची लोखंडी चावी लागते. ती चावी ज्याच्या हातात, त्याला सारा वॉर्ड नमस्कार करतो. त्याला कुणाला शिवी द्यावी लागत नाही. 'दुरुस्ती चालू आहे' एवढं म्हटलं की पुरे. "पण त्यातसुद्धा गोची असते," अप्पा म्हणाले. "जो वॉर्ड नाठाळ आहे, त्याच्यातूनच पुढच्या बड्या लोकांच्या वॉर्डाकडे पाइप जातो. पूर्ण बंद केलंस तर पुढचे ओरडतात. थोडं सोडलंस तर मधले आपलं काढून घेतात. मग काय करायचं? रोज थोडं बंद, थोडं उघडं. मरतात कोण? मधल्या वॉर्डातल्या बायका."

रशियाचा पाइप युक्रेनमधूनच पुढे युरोपकडे जात होता. मी नकाशा काढून दाखवला तेव्हा अप्पांनी नुसती मान हलवली. आपल्यालाही तोच देश कैक वर्षं रुपयांत तेल देत होता आणि ते मैत्रीपोटी, असं मी वर्गात घसा फोडून शिकवलं होतं. ते सांगितल्यावर अप्पा हसले. "मैत्री असेल की. मलाही त्या वॉर्डांत पुष्कळ मित्र होते."

आईचा प्रश्न सरळ होता. "त्यांना पत्र लिहून सांगता येत नाही कां, की ह्या एका खोलीला सोडा म्हणून?"

त्याच वर्षी एका नातेवाइकांच्या लग्नाला आम्ही बसनं तिरुवारूरच्या पलीकडे गेलो. कावेरीच्या मुखाकडच्या त्या गावांत तेव्हा तेल आणि गॅस सापडला होता. भातशेताच्या मधोमध एक उंच नळकांडं उभं आणि त्याच्या टोकाला भर दुपारी ज्वाळा फडफडत होती. मोतीबिंदूतूनसुद्धा आईला ती दिसली. "काय जळतंय गे ते?" मी सांगितलं, वर आलेला गॅस आहे, न्यायला अजून पाइप नाही म्हणून जाळून टाकतात. आईनं खिडकीच्या गजाला तोंड लावून पाहिलं. मग म्हणाली, "पावम्, बिचारी पोरं तिकडे गारठून मरतात आणि हिकडे उन्हात जाळतात." बसमधल्या चारजणींनी वळून पाहिलं. मला शरम वाटली, तिची नव्हे, माझी. माझ्याकडे तिला देण्यासारखं एकही उत्तर नव्हतं. व्याख्यानं पोतंभर होती.

पहिला हिवाळा तंबीनं कसाबसा काढला. दुसरा आणखी वाईट निघाला. तो आता शेवटच्या वर्षाला होता, जूनमध्ये परीक्षा. त्याच्या खोलीत सोलापूरकडचा एक मराठी मुलगा राहायला आला होता. तंबीच्या बोलण्याची तो फार टर उडवी. "तू बखरीतून उठून आल्यासारखा बोलतोस," म्हणे. तंबीनं हे मोठ्या मजेनं लिहिलं होतं. पुढं पुढं तंबीच्या पत्रांत आम्हाला अनोळखी शब्द दिसायला लागले. आई म्हणाली, "हा तर पेशव्यांकडचा झाला." रशियन हवेत पोराची मराठी सुधारते आहे म्हणून आम्ही हसलो.

आमच्या घराच्या पुढच्या भागात एक तमिळ इंजिनिअर भाड्यानं राहत. त्या तेलविहिरींच्या कामावर होते. शांत माणूस, आईला 'मामी' म्हणून हाक मारायचे. जानेवारीच्या अखेरीस त्यांना प्रशिक्षणासाठी मॉस्कोला जायचा हुकूम आला. ते आपणहून आत येऊन म्हणाले, "मामी, तंबीच्या गावाला मॉस्कोहून रेल्वेनं जाता येतं. सुरुवातीचे चार दिवस मला मोकळे आहेत. तुम्ही सांगाल ते नेऊन देतो. औषध द्या, कपडे द्या. आणि पोराची तब्येत ठीक नसेल, तर घेऊन या म्हणालात तर विमानात बसवूनही देतो."

आईचे डोळे भरून आले. "घेऊनच या," ती म्हणाली. "शिकलं तेवढं पुरे."

मी उसळले. शेवटचे चार महिने राहिले असताना परत आणायचं? पाच वर्षं पाण्यात?  शेवटी ठरलं की तंबीचं पत्र यायच्या बेतात आहे, ते येऊ दे, त्यावरून बघू. इंजिनिअरना निघायला अजून आठवडा होता.

पत्र तीन दिवसांनी आलं. तीन आठवडे प्रवास करून आलेला पातळ निळा कागद. इतर वेळी दोन्ही बाजू भरून लिहिणाऱ्या तंबीनं या वेळी जेमतेम सहा ओळी लिहिल्या होत्या, आणि अक्षर थरथरलेलं. बोटं गारठली असतील, मी म्हटलं. आई भाजी चिरायची थांबून माझ्याकडे तोंड करून बसली. मी वाचायला लागले. सगळे कसे आहात. परीक्षेचा अभ्यास चालू आहे. आणि मग ही ओळ: तीन दिवस झाले, दाब वाढला आहे. आता थंडी वाजत नाही, उलट गरम वाटतं. खोलीतला मित्र सगळं बघतो. आईला काळजी करू नको म्हणून सांग.

माझा आवाज चढला. आनंदच झाला मला. पेपरात त्याच आठवड्यात आलं होतं की दोन्ही देशांची बोलणी झाली, गॅसबद्दल काही तडजोड होणार. मी तो पेपर शोधून काढला आणि आईपुढे धरला, तिला दिसत नाही हे विसरून. "बघ, मी म्हणत नव्हते? युरोपवाले ओरडले असणार. रशियाला नमतं घ्यावं लागलं. दाब वाढला. खोली गरम झाली." अप्पांनी विचारलं, "एवढंच लिहिलंय?" मी म्हटलं, "खूश माणूस कशाला लांबलचक लिहील?"

आईनं हात जोडले. रशियाला की देवाला, कोण जाणे.

इंजिनिअरना मीच जाऊन सांगितलं. वाकडी वाट करून त्यांना कशाला त्रास द्यायचा, सगळं ठीक आहे, गॅस परत सुरू झालाय. आईनं बांधून ठेवलेली औषधांची पिशवी त्यांनी तरीही मागितली. मी म्हटलं, "राहू द्या हो, ओझं होईल तुम्हाला." ते गेले.

त्यानंतर साधारण दहा दिवसांनी, सकाळी मी कॉलेजला निघत असताना, समोरच्या वकिलांकडून बोलावणं आलं. गल्लीत फोन तेवढा एकच. परदेशातून आहे म्हणाले. मी चपला न घालता धावले.

पलीकडे तो सोलापूरचा मुलगा होता. आवाज विहिरीतून यावा तसा. "ताई, मी त्याचा रूममेट. घाबरू नका. त्याला दवाखान्यात हलवलंय."

"कां? काय झालं?"

"न्यूमोनिया. मधे जरा उतरला होता, पण पुन्हा चढला. छातीत पू झालाय म्हणतात. इथं औषधंच नाहीत. त्यानं कळवलं होतं ना तुम्हाला, ताप वाढलाय म्हणून? आम्ही वाट बघत होतो, घरून कुणी काही पाठवेल."

"दाब," मी म्हटलं.

"काय?"

"दाब वाढला म्हणून लिहिलं होतं त्यानं. गॅसचा दाब."

 मग तो मुलगा एकेक अक्षर सुटं करून, बहिऱ्या माणसाला सांगावं तसं म्हणाला, "नाही हो ताई. ताप. ताप. गॅस तर महिनाभर नाहीच इथं."

  आमच्या घरात ताप येत नसे, ज्वर येई. आजीला ज्वर आला, तंबीला ज्वर आला, असंच आम्ही म्हणत आलो. ताप हा शब्द कानावरून गेलेला होता, पण तो आमच्या घरचा नव्हता. तंबीनं तो त्या खोलीत, त्या मुलाकडून उचलला होता. आणि तमिळ अक्षरांत ताप आणि दाब यांत एका रेषेचाही फरक नाही.

घरी येऊन मी पत्र काढलं. तीच ओळ, तीच अक्षरं. आता ती स्वच्छ वाचता येत होती. तीन दिवस झाले, ताप वाढला आहे. आता थंडी वाजत नाही, उलट गरम वाटतं. थरथरलेलं अक्षर. सहाच ओळी. खोलीतला मित्र सगळं बघतो. यात गॅस कुठे होता? बोलणी कुठे होती? एखाद्या अडाणी बाईनं वाचलं असतं तरी तिला कळलं असतं की पोरगं आजारी आहे. मला कळलं नाही, कारण मला त्या कागदात महासत्ता दिसत होती. इतका संताप मला आयुष्यात दुसऱ्या कुणाचा आला नाही.

आईला मी एवढंच सांगितलं की तो आजारी आहे आणि दवाखान्यात आहे. अप्पांनाही तेवढंच. दाबाचं काही बोलले नाही.

मग आम्ही काय काय केलं, त्याची यादी मोठी आहे आणि त्यातल्या एकाचाही उपयोग झाला नाही. इंजिनिअरच्या मॉस्कोच्या पत्त्यावर तार केली. उत्तर यायला नऊ दिवस लागले. त्यांना मॉस्कोतून पुढे सायबेरियात पाठवलं होतं, जिथून तो गॅस निघतो त्याच मुलखात. तंबीचं गाव आम्हाला जितकं दूर तितकंच आता त्यांनाही. औषधांचं पार्सल पाठवायला टपाल कार्यालयात गेले तर तिथला माणूस म्हणाला, "देशाचं नाव यादीत नाही. जुन्या नावानं पाठवू का?" मी म्हटलं, पाठवा. ते पार्सल जुन्या देशाच्या नावानं गेलं आणि त्याचं पुढे काय झालं ते कधीच कळलं नाही. दिल्लीला पत्रं लिहिली. उत्तरं आली, नम्र आणि टाइप केलेली. रोज वकिलांकडे जाऊन फोनजवळ बसत असे. वर्गात मी तोच धडा शिकवत होते आणि माझाच आवाज मला ऐकवत नव्हता. आपण काहीच करू शकत नाही, हे मी एरवी छोट्या देशांबद्दल शिकवायची.

तंबीचा जीव वाचला. त्या गारठलेल्या दवाखान्यातल्या डॉक्टरणींनी त्याला वाचवलं. त्या हातमोजे घालून राउंडला येत, असं त्यानं नंतर सांगितलं. पण उजव्या फुप्फुसाचा मोठा तुकडा कापून काढावा लागला. परीक्षा राहिली ती राहिलीच. मे महिन्यात त्या सोलापूरच्या मुलानंच त्याला मद्रासपर्यंत आणून पोचवलं. इथल्या डॉक्टरांनी छातीचे एक्स-रे उजेडात धरून पाहिले आणि म्हणाले, दोन-तीन आठवडे आधी योग्य औषध पोटात गेलं असतं तर कापायची वेळ आली नसती. हे ऐकायला खोलीत मी एकटीच होते. तेही मी घरी सांगितलं नाही.

त्या वर्षी ऊन फार कडक होतं. तंबी ओसरीवर आरामखुर्चीत पडलेला असायचा. तंजावूरच्या मे महिन्यातही तो शाल पांघरायचा. एके दिवशी जेवणं झाल्यावर आई त्याच्याशेजारी जमिनीवर बसली आणि तिनं त्याचा सदरा वर करून पाठीवरून हात फिरवायला सुरुवात केली. तिला दिसत नव्हतं, म्हणून ती बोटांनी बघायची. बरगड्यांखाली व्रण लागला तिथे हात थांबला. मी समोर पेपर घेऊन बसले होते.

"एक मला कळत नाही रे," ती म्हणाली. "तुझ्या ह्या अक्कानं मला पत्र वाचून दाखवलं होतं. दाब वाढला, आता गरम वाटतं, असं तूच लिहिलं होतंस. मी त्या इंजिनिअरांना पाठवणार होतें. गॅस आला म्हणून नकों म्हटलं. मग तुझ्या छातीत थंडी शिरली कशी?"

तंबीनं माझ्याकडे पाहिलं. आधी काही न कळल्यासारखं, आणि मग त्याला कळलं. स्वतः लिहिलेली ओळ त्याला माझ्या आवाजात ऐकू आली असणार. लिपी त्याचीच होती, त्याला कुणी समजवायची गरज नव्हती. मी सांगणार होते. खरंच सांगणार होते, निदान मला तसं वाटतं. 

"वाढला होता, आई," तो म्हणाला. थांबला, श्वास घेतला. "नंतर बंद केलान् पुन्हा त्यांनी."

"मेले," आई म्हणाली. "पोरांच्या खोलीचा नळ बंद करणारे मेले!" आणि तिनं त्या देशाला, त्याच्या राज्यकर्त्यांना, त्यांच्या नळांना आणि चाव्यांना मनसोक्त शिव्या दिल्या. तंबीनं सदरा खाली ओढून घेतला आणि डोळे मिटले.

त्या देशानं जे केलं ते केलंच होतं, त्याचं समर्थन मी कधी केलं नाही. पण त्याच्यावर घातलेल्या आरोपांपैकी एक खरं तर माझ्या वाट्याचा होता. आई पुढे बारा वर्षं जगली. नंतर ऑपरेशन होऊन तिची दृष्टी सुधारली, पण पेपर मी वाचून दाखवायचा हा रिवाज तिनं मोडला नाही. रशियाची बातमी आली की ती मला थांबवायची आणि म्हणायची, "माझ्या लेकराची छाती खाल्लीन् त्या मेल्यांनी." बहुतेक वेळा तंबी तिथंच बसलेला असायचा. तो खाली बघायचा, आणि मी पान उलटून पुढची बातमी वाचायला घ्यायची.